कॅमेऱ्यामागचा कामगार : जोसेफ विर्शिंग आणि मालाडचा कारखाना



कामगार-संघटनेच्या कामात ज्यांचे केस पांढरे झाले त्यांनी वसंत व्याख्यानमालेत येऊन चित्रपटाच्या इतिहासावर बोलावे, हे आपल्यापैकी काहींना चमत्कारिक वाटेल. परंतु आमच्या समजुतीप्रमाणे चित्रपट हा आधी कारखाना आहे आणि मग कला आहे. त्यात सुतार आहेत, रंगारी आहेत, वायरमन आहेत, शिंपी आहेत. रसायनशाळेच्या अंधारात उभ्याने पाळी करणारी माणसे आहेत. चित्रपटाचा इतिहास मात्र बहुधा नटनट्यांचा आणि मालकांचा सांगितला जातो. आज आम्ही एका पगारी माणसाची हकीकत सांगणार आहोत. त्याचे नाव जोसेफ विर्शिंग. जन्म १९०३ साली जर्मनीतील म्युनिक शहरी, मृत्यू १९६७ साली मुंबईत. आयुष्याचा अर्ध्याहून अधिक काळ हा छायालेखक आपल्या देशात राहिला, आणि त्यांतली काही वर्षे तारेच्या कुंपणाआड राहिला.

या परक्या माणसाशी आपला संबंध काय, असे कोणी विचारील. संबंध दोन प्रकारचा आहे. एक भूगोलाचा. साष्टी बेटाच्या पूर्व टोकाला आपले ठाणे आणि पश्चिम अंगाला मालाड. मध्ये कान्हेरीचा डोंगर काय तो आडवा. त्या मालाडला विर्शिंग यांनी काम केले. दुसरा संबंध प्रश्नाचा. ठाण्यापासून कल्याण-डोंबिवलीपर्यंतच्या पट्ट्यात राहणाऱ्या आपणांपैकी अनेकांच्या घरी एक प्रश्न आलेला आहे. कारखाना बंद पडतो, मालक बदलतो, हुशार कारागीर निघून जातो. तेव्हा मागे उरते काय? विर्शिंग यांच्या कारकिर्दीत या प्रश्नाचे एक उत्तर सापडते, असे आम्हांस वाटते.

विर्शिंग येण्यापूर्वी आपल्याकडे कॅमेरा नव्हता असे मुळीच नाही. मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे ७ जुलै १८९६ रोजी दाखविण्यात आली, आणि तीनच वर्षांनी हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे आपले सावेदादा, यांनी मुंबईत एका कुस्तीचे चित्रण केले. दादासाहेब फाळके यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणला. त्यासाठी त्यांनी त्र्यंबक तेलंग यांना कॅमेरा चालवण्यास स्वतः शिकवले होते. कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांनी तर कॅमेराच घडवला. म्हणजे एकाने दुसऱ्याला हाताशी धरून शिकवण्याची रीत आपल्याकडे पहिल्यापासून होती. उणीव होती ती बेतशीर शाळेची आणि बंदिस्त, विजेच्या दिव्यांच्या स्टुडिओची.

तिकडे म्युनिकला एमेल्का नावाची चित्रपट कंपनी होती. तिच्यात विर्शिंग तरुणपणीच कामाला लागले. १९२४ साली हिमांशू राय नावाचे एक बंगाली गृहस्थ या कंपनीकडे एक योजना घेऊन गेले. बुद्धचरित्रावर चित्रपट काढायचा. पैसा हिंदुस्थानातला, यंत्रे आणि तंत्रज्ञ जर्मन. कथा निरंजन पाल यांनी रचली. हे पाल म्हणजे लाल-बाल-पाल या त्रयीतील बिपिनचंद्र पाल यांचे चिरंजीव. दिग्दर्शक फ्रांझ ऑस्टेन, आणि कॅमेऱ्यापाशी विली किरमायर व बावीस वर्षांचे विर्शिंग. हाच तो ‘प्रेम संन्यास’ अथवा ‘लाइट ऑफ एशिया’ हा मूकपट.

त्या काळच्या फिल्मला तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे. लाल वस्त्र पडद्यावर काळे येई, निळे आकाश पांढरेफटक पडे. शिवाय दिव्यांचा सरंजाम बरोबर नाही. सारी भिस्त राजस्थानच्या उन्हावर. युरोपात जो माणूस ढगाळ, मऊ प्रकाशात काम शिकला, त्याला येथे डोक्यावरचे कठोर ऊन आणि डोळ्यांखाली पडणाऱ्या काळ्या सावल्या यांच्याशी झगडावे लागले. हत्ती, राजवाडे, गर्दी हे सारे त्यात आहेच. पण त्या चित्रपटात आज आम्हांस अधिक मोलाचे वाटते ते हे की, सामान्य माणसांचे चेहरे त्यात नाटकी रंगभूषेवाचून दिसतात.

पुढे जर्मनीचे दिवस पालटले. १९३३ साली हिटलर सत्तेवर आला आणि त्याच वर्षाच्या २ मे रोजी, कामगार दिनाच्या दुसऱ्याच दिवशी, त्याने देशातील कामगार संघटनांच्या कचेऱ्या ताब्यात घेऊन संघटना मोडून टाकल्या. इकडे हिमांशू राय आणि त्यांच्या पत्नी देविका राणी यांनी १९३४ साली मालाडला बॉम्बे टॉकीज ही कंपनी उभी केली. तिला भागधारक होते, संचालक मंडळ होते. तेथे जर्मन मंडळी जमली. ऑस्टेन दिग्दर्शनास, विर्शिंग छायालेखनास, कार्ल फॉन स्प्रेटी नेपथ्यास, विल्हेल्म झोले रसायनशाळेस. आणि ध्वनिमुद्रणासाठी लेन हार्टली नावाचे इंग्रज तंत्रज्ञ.

या कारखान्याची रचना जरा बारकाईने पाहण्यासारखी आहे. स्टुडिओ, रसायनशाळा, संकलनाची खोली, सारे एका आवारात होते. कलावंत आणि तंत्रज्ञ मासिक पगारावर. प्रत्येक परक्या तंत्रज्ञाच्या हाताखाली येथील तरुण उमेदवार द्यायचे, आणि तेही होता होईल तो शिकलेसवरलेले, असा हिमांशू राय यांचा आग्रह. परका माणूस कायमचा ठेवण्यासाठी आणलेला नसून शिकवण्यासाठी आणलेला आहे, हे धोरण त्यामागे होते. या उमेदवारीचे फळ कसे आले पाहा : अशोककुमार हे मुळात तेथील रसायनशाळेत काम करीत होते; तेथून उचलून त्यांना १९३६ च्या ‘जीवन नैया’मध्ये नायक करण्यात आले.

छायालेखक नेमके करतो काय, हे एकदा समजून घेतले पाहिजे. बोलपटाची फिल्म कॅमेऱ्यातून सेकंदाला २४ चित्रे या वेगाने धावते. एका फुटात १६ चित्रे बसतात. म्हणजे मिनिटाला ९० फूट फिल्म खर्ची पडते, आणि हजार फुटांचे रीळ सुमारे अकरा मिनिटांत संपते. फिल्म परदेशातून येणारी, महाग. दिवा चुकला, भिंगाचे अंतर चुकले, नटाची जागा चुकली की फूटमागे पैसे वाया. आणि चूक झाली की नाही हे त्या क्षणी दिसत नाही; फिल्म धुऊन झाल्यावरच कळते. म्हणून छायालेखकाला आधी मनातल्या मनात चित्र पाहावे लागते आणि मग दिवेवाल्याला सांगावे लागते की हा दिवा वर घे, तो विझव, या खिडकीपुढे पडदा धर. लेथवर काम करणारा टर्नर कापण्यापूर्वीच माप ओळखतो, त्या जातीचे हे कसब आहे.

जर्मन चित्रपटात त्या काळी सावलीचा अभ्यास फार झालेला होता. उजेड पाडणे सोपे. अंधार कोठे ठेवायचा हे ठरवणे अवघड. विर्शिंग यांनी हे शास्त्र मालाडला आणले. देविका राणींच्या केसांमागून येणारा हलका प्रकाश, अर्धा उजळलेला आणि अर्धा छायेत बुडालेला चेहरा, जाळीच्या खिडकीतून भिंतीवर पडणारी नक्षी, हे सारे त्यांच्या कामात वारंवार दिसते. आपल्या नाटकमंडळ्यांच्या पडद्यांवर आणि झगमगाटावर पोसलेल्या प्रेक्षकाला हे नवीन होते.

या काळातील सर्वांत गाजलेला बोलपट म्हणजे १९३६ चा ‘अछूत कन्या’. त्याची कथा निरंजन पाल यांची आहे, आणि तिचे घटनास्थळ रेल्वेचे फाटक. आपल्या ठाण्याला १८५३ साली देशातील पहिली प्रवासी आगगाडी आली, तेव्हा फाटकाचे महत्त्व आपणांस सांगायला नको. फाटकावरील अस्पृश्य पहारेकऱ्याची मुलगी कस्तुरी आणि ब्राह्मण दुकानदाराचा मुलगा प्रताप यांचे प्रेम, गावाचा रोष, आणि शेवटी आगगाडीखाली कस्तुरीचा मृत्यू, असे ते कथानक आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांची येवल्याची घोषणा १९३५ ची. म्हणजे हा विषय तेव्हा पुस्तकातला नव्हता, रस्त्यावरचा होता.

ही कथा ज्या हातांतून गेली ते हात मोजून पाहावेत. कथा लिहिणारा बंगाली; हिंदी संवाद आणि गीते जे. एस. काश्यप यांची, संगीत सरस्वती देवी या पारशी बाईंचे, ज्यांचे मूळ नाव खुर्शीद मिनोचर-होमजी, दिग्दर्शक आणि छायालेखक जर्मन, आणि त्या दिग्दर्शकाला हिंदी येत नसे. लेखणी एकाची, जीभ दुसऱ्याची, डोळा तिसऱ्याचा! तरीही पडद्यावर गाव उभे राहते. जेथे शब्द परका होता तेथे विर्शिंग यांच्या कॅमेऱ्याने चेहरा वाचला, असे आम्ही म्हणू. पटकथेची अर्धी ओळ कागदावर लिहिली जाते आणि उरलेली अर्धी दिव्यांनी लिहिली जाते, हे या चित्रपटावरून उमजते.

तथापि दोन गोष्टी आम्ही झाकून ठेवणार नाही. पहिली : या चित्रपटात अस्पृश्यतेचा निषेध आहे, पण न्याय नाही. प्राण देते ती कस्तुरीच, आणि मग तिचे स्मारक होते. बळी गेलेल्याची पूजा करून जिवंतांचा प्रश्न पुढे ढकलण्याची ही रीत आपल्या समाजाच्या अंगवळणी पडलेली आहे. दुसरी : ज्या १९३६ साली ऑस्टेन यांनी हा चित्रपट केला, त्याच साली त्यांनी नाझी पक्षाचे सभासदत्वही घेतले. एका हाताने जातिभेदावर चित्र काढावे आणि दुसऱ्या हाताने वंशभेदावर उभ्या राहिलेल्या पक्षाची वर्गणी भरावी, असा विसंगत माणूस जगात असतो. कामगार चळवळीत आम्ही कसब आणि मत यांचे हिशेब वेगळे मांडायला शिकलो आहोत. दोन्ही हिशेब मात्र मांडले पाहिजेत.

त्यानंतरच्या तीन वर्षांत ‘सावित्री’, ‘निर्मला’, ‘भाभी’, ‘दुर्गा’ असे बोलपट एकामागून एक निघाले. १९३९ साली ‘कंगन’चे काम चालू होते. त्याची नायिका आपल्या लीला चिटणीस. मराठी रंगभूमीवरून आलेल्या, पदवीधर. त्याच सुमारास, ३ सप्टेंबर १९३९ रोजी, ब्रिटनने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले, आणि हिंदुस्थानातील जर्मन पुरुष शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून धरले गेले. ऑस्टेन गेले, विर्शिंगही गेले. अशा स्थानबद्धांसाठी अहमदनगर, देवळाली, सातारा, डेहराडून येथे छावण्या होत्या. ज्या अहमदनगरच्या किल्ल्यात १९४२ साली आपले राष्ट्रीय पुढारी कोंडले गेले, त्याच शहरी सरकारने परक्या देशाचे नागरिकही कोंडले होते. युद्धाची सारी वर्षे विर्शिंग यांच्या हाती कॅमेरा नव्हता.

आता कारखान्याकडे या. मुख्य कारागीर एका दिवसात नाहीसा झाला. पुढे १६ मे १९४० रोजी हिमांशू राय हेही वारले. कोणत्याही हिशेबाने हा कारखाना बंद पडावयास हवा होता. पण तो बंद पडला नाही. विर्शिंग यांच्या हाताखाली तयार झालेले आर. डी. परीन्जा यांनी छायालेखनाची धुरा उचलली. १९४३ साली या स्टुडिओतून ‘किस्मत’ निघाला; दिग्दर्शक ग्यान मुखर्जी, नायक अशोककुमार, छायालेखक परीन्जा. तो कलकत्त्याच्या एका थिएटरात तीन वर्षांहून अधिक काळ चालला. बॉम्बे टॉकीजचा सर्वांत यशस्वी चित्रपट जर्मन माणसे गेल्यानंतरचा आहे, आणि तो त्यांनी शिकवलेल्या माणसांनी केलेला आहे. आमच्या आजच्या बोलण्याचा गाभा तो हाच. गुरूच्या कामाची पारख करायची असेल तर तो गैरहजर असताना काम कसे चालते ते पाहावे.

आमच्या पट्ट्यात याच्या उलट अनुभव आम्ही पुष्कळ वेळा घेतला आहे. एका कारखान्यात, नाव सांगण्याचे कारण नाही, डाय बसवणारा एकच जुना कारागीर होता. त्याच्या हाताखाली माणूस द्या, अशी मागणी संघटनेने अनेकदा केली. व्यवस्थापनाला ती उधळपट्टी वाटली. तो कारागीर निवृत्त झाला आणि सहा महिन्यांत ते खातेच बाहेर ठेक्याने देण्यात आले. तेथे युद्ध झाले नव्हते, कोणी स्थानबद्ध केले नव्हते. फक्त शिकवणे थांबले होते.

युद्ध संपले, देश स्वतंत्र झाला. विर्शिंग मायदेशी परतले नाहीत. ते मुंबईतच राहिले आणि पुन्हा मालाडच्या स्टुडिओत कॅमेऱ्यापाशी उभे राहिले. आता स्टुडिओ अशोककुमार आणि त्यांचे सहकारी सावक वाच्छा यांच्याकडे होता आणि पैशाची ओढ होती. १९४९ साली कमाल अमरोही या नव्या दिग्दर्शकाबरोबर त्यांनी ‘महल’ केला. ओसाड वाडा, लांबच लांब दालने, झोपाळ्यावर झुलणारी मधुबाला, आणि जिथे काहीच नाही तिथे काहीतरी असल्याचा भास. वाड्याचा अर्धा भाग प्रेक्षकाला दिसतच नाही, आणि म्हणूनच तो मोठा वाटतो. पैसा कमी असताना अंधाराकडून काम करून घेण्याची ही विद्या आहे. म्युनिकला शिकलेली सावली मालाडला पक्व झाली ती या चित्रपटात. तो लोकांना इतका आवडला की पुढे भूतकथांच्या हिंदी चित्रपटांचा तो वडीलधारा ठरला.

तथापि एका चित्रपटाने कारखाना तरत नाही. कर्ज वाढत गेले. तेव्हा कामगारांनीच सहकारी संस्था स्थापून एक चित्रपट काढला, तो १९५४ चा ‘बादबान’. बादबान म्हणजे शीड. दिग्दर्शक फणी मजुमदार. भूमिका अशोककुमार, देव आनंद, मीनाकुमारी आणि आपल्या उषाकिरण यांच्या. बुडत्या गलबताला कामगारांनी शीड लावून पाहिले. गलबत वाचले नाही; स्टुडिओ त्याच सुमारास बंद झाला. जेथे ‘अछूत कन्या’चे फाटक उभारले गेले असेल त्या आवारात पुढे लहान लहान कारखाने आणि गाळे झाले. चित्रपटाच्या इतिहासात या सहकारी प्रयत्नाला बहुधा एखादी ओळ मिळते. आम्ही त्याला अधिक जागा देऊ इच्छितो. कामगारांनी मालकी हाती घेतली ती फार उशिरा, कर्जाचा डोंगर झाल्यावर. आजारी कारखाना कामगारांच्या गळ्यात बांधायचा आणि मग सहकार अपयशी ठरला म्हणायचे, हा प्रकार महाराष्ट्रात पुढेही अनेकांनी पाहिला आहे.

विर्शिंग मग कमाल अमरोहींबरोबरच राहिले. १९६० चा ‘दिल अपना और प्रीत पराई’ त्यांच्या कॅमेऱ्यातला. त्याआधीच ‘पाकीजा’ची सुरुवात झाली होती. रुंद पडदा, रंगीत फिल्म, आणि वर्षानुवर्षे लांबत गेलेले काम. मध्यंतरी मीनाकुमारी व अमरोही यांच्यात बेबनाव होऊन चित्रण थांबले. १९६७ साली विर्शिंग वारले तेव्हा चित्रपट अपुराच होता. उरलेले भाग अनेक छायालेखकांनी पुरे केले, आणि १९७२ च्या फेब्रुवारीत तो प्रदर्शित झाला. श्रेयनामावलीत छायालेखक म्हणून नाव आले ते जोसेफ विर्शिंग यांचे. कृष्णधवल मूकपटापासून रंगीत रुंद पडद्यापर्यंत सत्तेचाळीस वर्षांचा पल्ला एका माणसाच्या नावाने असा पुरा झाला.

नावाच्या प्रश्नाला आम्ही फार महत्त्व देतो. पगार पोटाला मिळतो. नाव माणसाच्या कामाला मिळते. विर्शिंग यांचे नाव पडद्यावर राहिले हे योग्यच झाले. पण त्यांनी सांगितलेला दिवा वर चढून धरणारा, ट्रॉली ढकलणारा, उन्हात चकचकीत पत्रा धरून नटाच्या तोंडावर प्रकाश पाडणारा, यांची नावे त्या काळी कोठेच आली नाहीत. चित्रपट कामगारांच्या सेवाशर्तींसाठी स्वतंत्र कायदा व्हायला १९८१ साल उजाडावे लागले. पुढे २०२० च्या संहितेत तो सामावून घेण्यात आला. फाळक्यांच्या चित्रपटापासून मोजले तर पहिल्या कायद्यास अडुसष्ट वर्षे लागली.

एक गोष्ट मात्र विर्शिंग यांनी केली, आणि तिच्यासाठी त्यांचे ऋण मानले पाहिजे. चित्रीकरण चालू असताना ते साधी छायाचित्रेही घेत. त्यांत नटनट्या आहेतच, शिवाय स्टुडिओतले लोक, यंत्रे, अर्धवट उभी नेपथ्ये, कामात गढलेली माणसेही आहेत. अशी हजारो चित्रे त्यांच्या वंशजांनी जपून ठेवली, आणि २०१७ साली गोव्यात पणजीला त्यांचे प्रदर्शन भरले. ज्या कारखान्याच्या भिंती ढासळल्या, त्याचा कामाचा दिवस आज त्या चित्रांत पाहता येतो.

श्रोतेहो, राज्याच्या औद्योगिक विकास महामंडळाची स्थापना १९६२ ची, आणि ठाण्याची वागळे इस्टेट ही त्याच्या पहिल्या वसाहतींपैकी. साठ वर्षांत येथे आणि डोंबिवलीच्या वसाहतीत किती खाती उघडली, किती बंद झाली. कित्येक ठिकाणी आता निवासी मनोरे उभे आहेत. त्या खात्यांत कोणी काय बनवले, कोणी कोणाला शिकवले, हे सांगणारी छायाचित्रे आपल्यापैकी अनेकांच्या घरी असतील. निरोपसमारंभाचे एखादे, दसऱ्याच्या यंत्रपूजेचे एखादे, पाळी सुटताना फाटकाशी काढलेले एखादे. ती कपाटातून काढा, मागे पेन्सिलीने नावे आणि साल लिहा, आणि आपापल्या गावच्या वाचनालयाकडे त्यांची एक प्रत द्या. ज्यांना चेहरे ओळखता येतात अशी माणसे अजून आपल्यात आहेत तोवर हे काम झाले पाहिजे.